लाइट धरणारा रूपसिंग

११ जानेवारी २००७, पांढरकवडा

सकाळची वंदना आटोपून दुकान उघडत होतो, तर समोर रूपसिंगचा धाकटा भाऊ पूनमसिंग उभा. सायकल होती, पण बसून नाही, ढकलत आला होता. म्हणाला, "भाऊ, दादा उठूनच नाही राह्यला."

कापूस खरेदी केंद्रासमोर बैलगाड्यांची रांग पुलापर्यंत गेली आहे. रूपसिंगची गाडी त्या रांगेत होती. वजनकाट्याकडची रांग पुढे सरकेना, म्हणून तो गाडीखाली पोतं अंथरून झोपला. पहाटे रांग हलली. मागच्या गाडीवाल्याने हाक दिली. बैल उठले, तो उठला नाही. डॉक्टर म्हणाले, छातीचा झटका.

मी पोचलो तेव्हा कोणीतरी त्याच्या अंगावर धोतर टाकलं होतं. दाढीत कापसाचा तंतू अडकला होता. तो मी काढला. आज याहून जास्त लिहवत नाही.

१२ जानेवारी

काल दुपारी एका चॅनेलची गाडी आली होती, ते लिहायचं राहिलं. हल्ली शेतकऱ्यांच्या आत्महत्यांमागे आपल्या जिल्ह्यात त्या गाड्या रोजच फिरतात. माइकवाल्या पोराने पूनमसिंगला विचारलं, "औषध प्यायले का?"

"नाई जी."

"मग कशानं गेले?"

"रांगेत."

पोराने कॅमेऱ्याच्या तोंडावर झाकण लावलं. जाताना "सॉरी काका" म्हणाला. वाईट पोरगा नव्हता.

२८ जानेवारी

रूपसिंग माझा लाइटमन होता. माझ्या पहिल्या लग्नाच्या शूटिंगपासून. माझ्या खांद्यावर कॅमेरा, त्याच्या हातात हॅलोजन, त्याच्या कमरेला वायरचा वेढा. तो तांड्यावरचा बंजारा, मी आमच्या बौद्धपुऱ्यातला. पण लग्नाच्या मांडवात आम्ही एकाच माणसासारखे चालायचो. मी वळायच्या आधी उजेड वळलेला असायचा.

लग्नं नसतात त्या महिन्यांत मी माझ्या फिल्मा करतो. एक जिनिंगमधल्या बायांवर केली, एक मारेगावच्या बसस्थानकावर, एक आईच्या गोधडी शिवण्यावर. नागपूरला एकदा दाखवल्या तेव्हा एका मुलीने विचारलं, तुमचा कॅमेरा हलत का नाही? मी म्हणालो, माझ्याकडे स्टँड नाही, मी विटांवर ठेवतो. सगळे हसले. पण ते अर्धंच उत्तर होतं. बाकीचे शूटिंगवाले नवरा-नवरीला हार पुन्हा घालायला लावतात. मी कधी लावलं नाही. पंचशीलातलं चौथं शील मी रोज म्हणतो, खोटं न बोलण्याचं. तोंडाने बोललो नाही आणि कॅमेऱ्याने बोललो, तर ते बोलणंच झालं. म्हणून मी कोणाला 'पुन्हा कर' म्हणत नाही, 'इकडे बघ' म्हणत नाही. ठेवतो आणि थांबतो. माझी पद्धत म्हणतात ती एवढीच.

रूपसिंगला त्या फिल्मांमधलं काय कळायचं कोण जाणे. बसस्थानकाची पाहून म्हणाला होता, "भाऊ, तुमच्या पिच्चरमंधी काहीच होत नाई. पन मानूस उठून जात नाई बापा."

१० फेब्रुवारी

सुखीबाई दुकानात आली, रूपसिंगची बायको. बाकड्याच्या कडेला बसली, पाणी नको म्हणाली.

"भाऊ, वर्षीचं लगन जमलं. वैशाखात हाय. फुडं अधिक महिना येते ना, म्हनून घाईनं."

वर्षी म्हणजे वर्षा, त्यांची मुलगी. मी म्हणालो, चांगलं झालं.

"तुमच्यापाशी वर्षीच्या बापाचा फोटो असन."

"मी फोटोवाला नाई ना सुखीबाई. व्हिडिओवाला."

"मंग हालता असन. ते त अखीन चांगलं."

त्यांच्यात नवरी निघताना एकेकाच्या गळ्यात पडून ढावलो गाते. रडत रडत गायचं, आणि ज्याच्या गळ्यात पडायचं त्याचं नाव घेऊन, त्याच्याशी बोलत गायचं. वर्षाने सांगितलं आहे की बापाला ढावलो दिल्याशिवाय ती तांड्याबाहेर पाय ठेवणार नाही. तिला विचारलं, बाप तर नाही, मग कोणाला देशील? ती म्हणाली, काहीही करा, बाप दाखवा.

"मतदान कार्डावर आहे ना फोटो," मी म्हणालो.

"त्याच्यात त ते सरपंचावानीबी दिसते अन् बैलावानीबी." सुखीबाई हसली. मग पदर तोंडावर धरून बसली. "एक घटकाभर दिसले पाह्यजे, भाऊ. तुमच्याच संग त होते जिंदगीभर."

मी म्हणालो, देतो. हा शब्द मी किती सहज दिला.

११ फेब्रुवारी

प्रफुल्ल, माझा मुलगा, दुकानात कॉम्प्युटरवर मिक्सिंग करतो. त्याला म्हणालो, रूपसिंगकाका कुठे दिसतो ते शोध. तो माझ्याकडे पाहतच राहिला.

"बाबा, लाइटमन फ्रेममंधी आला का कापाचं, हे तुमीच शिकवलं ना मले?"

खरं आहे. मांडवात गर्दी असते, कधी त्याचा खांदा यायचा, कधी तोंड. मीच ओरडायचो, "रूपसिंग, हट ना!" तो हटायचा. चुकून राहिलं ते मिक्सिंगला निघायचं. आणि लग्न देऊन झालं की मास्टर कॅसेट पुसून पुढच्या लग्नाला. आमच्या धंद्यात सगळे असंच करतात.

आता ज्यांच्या घरी तयार कॅसेटी आहेत, त्यांच्याकडे जायचं.

४ मार्च

तीन आठवडे फिरलो. मारेगाव, केळापूर, आडगावं. लोक ट्रंकेतून कॅसेट काढून देतात, बुरशी पुसतात, आणि सगळं घर टीव्हीसमोर बसतं. जे मेले ते जेवताना दिसतात. एका म्हातारीने पडद्यावरच्या सासूला हात जोडले.

रूपसिंगचं काय सापडलं? एक कोपर. मांडवाच्या कापडावर सावली. एका नवरीच्या मेंदीवर उजेड धरलेला हात, त्यामागे आगपेटीने फुगलेला शर्टाचा खिसा. चेहरा नाही.

९ मार्च, झरी जामणी

उकंडा नावाच्या शेतकऱ्याकडे आलो. त्याच्या बहिणीचं लग्न मी केलं होतं. आंदणात दिलेल्या कपाटाचं शूटिंग होतं, त्याच्या दाराला आरसा. मी टीव्हीजवळ सरकलो. आरशात मी दिसतो, अगदी स्पष्ट, पोट सुटलेलं, कॅमेरा खांद्यावर. माझ्या शेजारी एक पांढरा गोळा आहे. हॅलोजन सरळ आरशात गेला, आणि त्याने रूपसिंगला गिळून टाकलं.

उकंडा म्हणाला, "लइ हसवे बापा तो. आमच्या आईचा दात नोता म्हनून हसत नोती, तिलेबी हसवलं त्यानं."

ती बाई कॅसेटमध्ये आहे. बोळक्या तोंडाने हसते आहे. पण कॅमेऱ्याकडे पाहून नाही. थोडं उजवीकडे पाहून.

१० मार्च

झोप आली नाही. उजाडल्यावर सगळ्या कॅसेटी पुन्हा लावल्या. सगळे उजवीकडे पाहतात. नवरदेव, वरमाया, पंगतीतली पोरं, बँडवाले. मला वाटायचं उजेडामुळे. नाही. ते रूपसिंगकडे पाहतात. माझ्याकडे पाहताना माणसं ताठ होतात, गुंडी नीट करतात. त्याच्याकडे पाहिलं की सैल होतात.

माझ्या हाताला काम लागलं आहे.

१५ एप्रिल

फिल्म झाली. त्यात रूपसिंग नाही. त्याच्याकडे पाहणारी माणसं आहेत, एकामागून एक, निरनिराळ्या गावांतली. निवेदन नाही, गाणं नाही, जुन्या कॅसेटीत जो आवाज होता, बँड, गलका, कॅमेऱ्याजवळची कोणाची तरी पुटपुट, तो आहे तसाच ठेवला. शेवटी तो आरसा.

नागपूरच्या चित्रपट मंडळाचे धर्मपाल सर येऊन पाहून गेले. आरशाची जागा पुन्हा लावायला सांगितली. मग म्हणाले, "देवराव, हे तुमचं सगळ्यात मोठं काम आहे. माणूस न दाखवता माणूस दाखवला." जूनमध्ये नागपूरला आणि नंतर पुण्याला दाखवायची म्हणतात.

मी संध्याकाळी विहारात जाऊन मेणबत्ती लावली. मनात अभिमान आला होता, तो खाली बसेपर्यंत बसून राहिलो. बसला असं वाटलं.

१९ एप्रिल

तांड्यावर फिल्म दाखवली. भारनियमन होतं म्हणून जनरेटर लावला. त्या धडधडीत काही ऐकू येत नव्हतं, पण माझ्या फिल्मांमध्ये ऐकण्यासारखं काही नसतंच.

लोकांना मजा आली. "हा पाह्य, पांडू!" "व माय, किती बारीक होती मी!" सुखीबाई सगळ्यात पुढे बसली होती, मान पुढे काढून, पडद्याच्या कोपऱ्याकोपऱ्यात पाहत. आरसा आला, गेला. पडदा काळा झाला.

ती माझ्याकडे वळली. "मंग ते कुठी हाय?"

मी समजावून सांगितलं. सगळे ज्याच्याकडे पाहतात तो रूपसिंग. तिने मान हलवली. पुन्हा विचारलं, "हो, पन ते कुठी हाय, भाऊ?"

वर्षा उठून घरात गेली. दार लावून घेतलं.

२० एप्रिल

बायकोला, नलूला, सगळं सांगितलं. ती भाकरी थापत होती. ऐकून घेतलं आणि म्हणाली, "बाईनं भाकर मांगतली, तुमी तिले पंगतीची शूटिंग दाखवली."

"मग मी काय करू? नाही तर नाही."

"पूनमसिंग पाठमोरा उभा राह्यला त रूपसिंगच दिसते. माह्याच त्या दिवशी छातीत धस्स झालं." तिने तव्यावरची भाकरी उलटली. "लाइट डोळ्यावर मारा. कोन वळखते?"

मी उठून बाहेर गेलो. तीस वर्षांच्या संसारात ती माझ्याशी असं कधी बोलली नव्हती.

२४ एप्रिल

पूनमसिंग स्वतःच दुकानात आला. नलूने त्याला निरोप धाडला असणार. म्हणाला, "भाऊ, वहिनी बोलत नाई, पन जेवतबी नाई. वर्षी त हळद लावू देनार नाई म्हन्ते." मग आपल्या हातांकडे पाहत म्हणाला, "दादाचा शर्ट माह्यापाशी हाय. वहिनीनंच देल्ला तेराव्याले."

मी नाही म्हणालो. तो बसून राहिला. गिऱ्हाईक आलं, गेलं. तो तसाच.

२ मे, बुद्ध पौर्णिमा

विहारात सगळ्यांबरोबर पंचशील म्हटलं. चौथ्याला माझा आवाज आपोआप बारीक झाला. शेजारच्या बाईने पाहिलं, तिला वाटलं घसा बसला, तिने लवंग दिली.

करुणा हाही धम्मच आहे, असं मनाला सांगून पाहिलं. मन म्हणालं, सोयीचं आहे. दोन्ही खरं असेल.

५ मे

आज केलं.

तांड्यापासून दूर, जनरेटर घेऊन पळसाच्या झाडांपाशी गेलो, दिवस मावळताना. पूनमसिंगने शर्ट घातला, डोक्याला दादासारखं फडकं बांधलं. हॅलोजन हातात. त्याला सांगितलं, उजेड माझ्याकडे फिरव, मग बाजूला घे, आणि बाजूला घेताना माझ्याकडे पाहून हस.

तो हसेना. ओठ ओढायचा, हसू व्हायचं नाही. मी म्हणालो, पुन्हा. पुन्हा. मान जरा खाली. पुन्हा. आयुष्यात हा शब्द कॅमेऱ्यामागून मी कधी बोललो नव्हतो, आणि आज तोंडात दुसरा शब्द नव्हता. शेवटी तो खाली बसला आणि रडायला लागला. "दादा मले म्हने, तुले उजेड धरताच येत नाई."

मी त्याच्याजवळ बसलो. मला काहीतरी आठवलं, एका वरातीत रूपसिंग वायरीत अडकून शेणात पडला होता आणि पडल्या पडल्याही त्याने उजेड नवरदेवावरच धरून ठेवला होता. ते मी पूनमसिंगला सांगितलं. तो रडता रडता हसला. तेव्हा मी कॅमेरा उचलला.

प्रफुल्लने ते जुन्या कॅसेटीसारखं केलं, रंग उडवले, रेघा टाकल्या. काही बोलला नाही. तेवढ्यासाठी मी त्याचा आभारी आहे.

१३ मे

वर्षाचं लग्न झालं.

निघायच्या आधी तिला घरात नेलं. खाटेवर टीव्ही ठेवला होता. मी कॅसेट लावली. उजेड आला, फिरला, त्यामागून फडकं बांधलेला माणूस ओझरता दिसला, हसला, गेला. फार तर दोन श्वासांइतका वेळ.

वर्षाने टीव्हीला मिठी मारली. काचेवर कपाळ टेकलं आणि ढावलो सुरू केला. मला त्यांची बोली कळत नाही. इतकं कळलं की ती त्याला काहीतरी विचारत होती, पुन्हा पुन्हा तेच. बाया रडत होत्या. मी कॅमेरा खाली ठेवला. हे शूट करायचं नव्हतं.

सुखीबाई दारात उभी होती. ती पडद्याकडे फार वेळ पाहत नव्हती. मागे भिंतीशी पूनमसिंग मान खाली घालून उभा होता, त्याच्याकडे पाहत होती. नवऱ्याचं तोंड समोर दिसणं सोसवत नसेल.

एक बाई म्हणाली, पुन्हा लावा जी. सुखीबाई पटकन म्हणाली, "नाई. एकडाव बस. पोट्टीले उशीर होते." आणि स्वतः येऊन टीव्हीचं बटण दाबलं.

वर्षा गेली. शांत होऊन गेली.

जेवणाला पहिलं ताट सुखीबाईने पूनमसिंगला वाढलं, मानाच्या माणसांच्याही आधी. त्याच्या डोक्यावर हात ठेवला. दुःखात माणूस जवळ असेल त्यालाच धरतो. तो नुसता घास मोडत बसला.

घरी येताना वाटलं, माझं खोटं पचलं. बरंही वाटलं आणि लाजही वाटली. वंदनेला बसलो, पण उठलो लवकर.

१६ मे

धर्मपाल सरांचा फोन होता. पुण्याची तारीख ठरली. विचारत होते, नवं काय चाललंय? मी म्हणालो, काही नाही.

२२ मे

आज बाजाराचा दिवस. दुपारी सुखीबाई आली. डोक्यावरची टोपली दाराशी ठेवली, बाकड्यावर बसली. यावेळी पाणी मागून प्यायली. वर्षाची खुशाली सांगितली, सासू बरी आहे, फक्त चहात साखर घालू देत नाही.

मी म्हणालो, "ती कॅसेट तुमच्यासाठी ठेवली आहे. घेऊन जा."

"ते पूनमले देऊन टाका," ती म्हणाली. "त्याच्या लेकराईले पाहाले होईन."

मी मान खालीच ठेवली. ती काही रागावून बोलली नव्हती. टोपलीतलं काही सांडलं तर नाही ना, हे वाकून पाहत होती.

मग म्हणाली, "मले ते पयलं लावा. ज्याच्यात ते नाई ते."

दुकानाचं दार ओढून घेतलं, बाजाराचा गलका कमी झाला. वीज होती. मी फिल्म लावली आणि मागे उभा राहिलो. सुखीबाईने थोडा वेळ पाहिलं. मग डोळे मिटले. मला वाटलं थकली असेल, उन्हातून आली होती.

पडद्यावर पंगत बसली होती. बँड वाजत होता, त्याखाली तीच कोणाची तरी पुटपुट, सगळ्या कॅसेटींत असते ती, कॅमेऱ्याच्या उजव्या अंगाने येणारी. सुखीबाई एकदम हसली. पंगतीतली माणसं त्यानंतर हसली.

पुढे उकंडाची आई आली. तिथेही तसंच. आधी सुखीबाई, मग ती म्हातारी.

तिने डोळे उघडले नाहीत. त्यांच्या बोलीत काहीतरी म्हणाली, जरा रागावल्यासारखं, घरात बोलतात तसं.

"काय म्हणालात?" मी विचारलं.

ती माझ्याशी बोलत नव्हती.